लग्नाला कार्ड विचारता, मग गोळीचं कोण विचारणार?

मागच्या पावसाळ्यात एक आजी नातीला घेऊन आमच्या लॅबवर आली. पोरगी आठ-नऊ वर्षांची असेल, डोळे हळद लावल्यासारखे पिवळे आणि गळ्यात काविळीची माळ. ही माळ डोक्यावर ठेवतात, ती वाढत वाढत खाली गळ्यात उतरते आणि जेवढी वाढली तेवढी कावीळ उतरली असं आपल्याकडे धरतात. हिची माळ पार पोटापर्यंत आलेली, दोन वर्षांतली तिसरी माळ होती ती, तरी डोळे पिवळेच. स्लाईड काढली, मायक्रोस्कोपखाली धरली तर पेशी गोल नाहीतच, कुठे केळ्यासारख्या, कुठे विळ्यासारख्या वाकड्या. सिकल म्हणजे विळा, आमच्या अहिराणीत इळा. म्हणजे लिव्हर ठणठणीत, पोरगी सिकलसेलची, आणि घरातल्या कोणाला पत्ताच नाही.

मी काही डॉक्टर नाही, शहाद्याकडे लॅब टेक्निशियन आहे, सतरा वर्षं झाली रक्त काढतोय, त्यामुळे हे जे लिहितोय ते टेबलाच्या या बाजूने दिसलेलं आहे. गोष्ट साधी आहे. चांगली लाल पेशी साधारण 120 दिवस जगते, मग पानथरीत (प्लीहेत) वगैरे तिची मोड होते आणि त्या मोडीतून पिवळा रंग निघतो, तो लिव्हर बाहेर टाकतं. सिकलसेलमधे तीच पेशी 10-20 दिवसांत मोडते. शरीर किती नवीन बनवणार? मग रक्त कायम कमी, डोळे पिवळे, लहानपणी पानथरी वाढलेली, पुढे पित्ताशयात खडे. आणि वाकड्या पेशी बारीक नळ्यांमधे अडकल्या की जे दुखणं उठतं ते ज्याने पाहिलंय त्यालाच कळेल, मोठा बाप्या माणूस खाटेवर कंबर धरून ढसाढसा रडतो आणि बाहेर नर्सिंगवाले म्हणतात नाटकं करतोय, इंजेक्शनची सवय लागलीय याला. तान्ह्या बाळाचे हातपाय सुजतात ते वेगळंच, त्याला घरचे म्हणतात कोणाची नजर लागली आणि मग पोटावर डागण्या.

लाल पेशी लवकर मोडणारे असे वारशाने येणारे आजार एक नाही, बरेच आहेत. थॅलेसेमिया आहे. जी6पीडीची कमतरता आहे, त्यात एरवी माणूस एकदम नीट असतो, पण व्हायवॅक्स मलेरियाची 14 दिवसांची प्रायमाक्विन चालू केली की लघवी काळी व्हायला लागते, आणि गोधडीत ठेवलेल्या डांबर गोळ्यांनीसुद्धा तान्ह्या बाळाला त्रास होऊ शकतो. स्फेरोसायटोसिस आहे, त्यात पेशी गोल चेंडूसारख्या होतात. पण नंदुरबार-धुळ्याच्या सातपुड्यात, चोपडा-यावल-रावेरच्या पट्ट्यात बोलायचं म्हटलं की सगळं सिकलसेलवर येऊन थांबतं, आणि माझं भांडणही त्याच्याशीच आहे. म्हणजे आजाराशी नाही, आजाराबद्दल आपण जे करतोय त्याच्याशी.

परवा एका सामूहिक विवाहाच्या मांडवात बॅनर बघितला, कुंडली नको, रक्त जुळवा. शाळेच्या भिंतीवर पण तेच, वाहक आणि वाहक, लग्न टाळा (वाहक म्हणजे ज्याला हा गुण एकाच पालकाकडून आलाय, आजार नाही). ऐकायला फार शहाणं वाटतं, मी पण आधी पाच-सहा वर्षं शिबिरात हेच सांगत फिरलोय. आता सांगत नाही. कारण या एका वाक्याच्या मागे सगळा कार्यक्रम लपून बसलाय असं मला वाटायला लागलंय. तपासणी करा, रिपोर्टचं रंगीत कार्ड द्या, लग्नाला कार्ड बघा, झालं निर्मूलन. ज्याला आजार ऑलरेडी आहे त्याचं काय, हे विचारायला कोणी थांबत नाही.

गणित चुकीचं नाहीये, ते आधी सांगतो. आई-बाप दोघं वाहक असले, म्हणजे आम्ही ज्याला एएस म्हणतो ते, तर दर वेळी बाळंतपणाला 25 टक्के चान्स आजाराचा, 50 टक्के वाहक, 25 टक्के एकदम नीट. दर वेळी म्हणजे दर वेळी, नव्याने चिठ्ठी उचलायची. लोकांना वाटतं पहिल्याला झालं म्हणजे आता पुढच्या तिघांना सुट्टी, तसं नसतं, मी एका घरात लागोपाठ दोन एसएस, म्हणजे आजार असलेली लेकरं, बघितलीत. आणि फक्त वाहक असणाऱ्याला एरवी काही होत नाही, तो कोयता चालवतो, कबड्डी खेळतो, पोरं वाढवतो.

पण लग्नं होतात कशी, हे बॅनर छापणाऱ्याला माहिती आहे का? धडगाव-अक्कलकुव्याच्या पाड्यांवर बऱ्याचदा पोरगा-पोरगी आधी एकमेकांना पसंत करतात, सोबत राहायला लागतात, देज (पोरीच्या बापाला द्यायची रक्कम) ठरतं, पंच बसतात, आणि लग्नाचा विधी कधी कधी लेकरं झाल्यावर होतो. (शहरातले पत्रकार भोंगऱ्या बाजाराला लग्नाचा बाजार लिहितात, ते चूक आहे, तो होळीचा बाजार आहे, पण ते असो.) तिथे कार्ड कधी आणि कोणी बघायचं? सपाटीवरच्या गावांत घरचे बघून लग्न ठरवतात, तिथे कार्ड बघतात, पण कोणाचं बघतात? पोरीचं.

एक बाप माझ्याकडे आला होता, पोरीचा रिपोर्ट एएस. कागद घडी करून खिशात घातला आणि दारातून परत येऊन विचारतो, भाऊ, हाई कारड दखाडं तं आंडेरनं (पोरीचं) लगीन व्हई का? मी म्हटलं दादा, पोरीला आजार नाहीये, होणाऱ्या जावयाचं पण तपासा, तो नीट असला तर लेकरांना आजार होणारच नाही, फार तर वाहक होतील. तो हसला. म्हणाला तुमी सांगतस बरोबर, पन सोयऱ्याले कोन सांगी? नंतर कळलं की त्याने ते कार्ड चुलीत घातलं. मला राग आला होता तेव्हा, आता येत नाही, त्याच्या जागी मी असतो तर मीही तेच केलं असतं बहुतेक.

आणि हे फक्त आपल्याकडचंच नाही. ग्रीसमधे ऑर्कोमेनोस नावाचं गाव आहे, तिथे सिकलसेलचे वाहक खूप, 1970च्या दशकात तिथल्या लोकांची तपासणी करून सल्ला दिला की वाहकांनी आपसात लग्न करू नका. काही वर्षांनी जाऊन बघितलं तर वाहक-वाहक लग्नं जेवढी आपसूक झाली असती जवळजवळ तेवढीच झालेली, उलट लोकांनी रिपोर्ट लपवले आणि वाहक म्हणजे बट्टा असलेला माणूस असं होऊन बसलं. पन्नास वर्षं होऊन गेली त्याला, आणि आपण अजून तेच बॅनर छापतोय.

याच्या उलट सायप्रसचं उदाहरण सगळे देतात, थॅलेसेमियाचं, की बघा त्यांनी लग्नाआधी तपासणी सक्तीची केली आणि आजारी मूल जन्मणं जवळपास थांबलं. अर्धवट सांगतात. 1980च्या दशकात तिथल्या चर्चने लग्नाआधी तपासणीचा दाखला मागायला सुरुवात केली हे खरं, पण दाखल्यात काही निघालं म्हणून लग्न अडवत नव्हते, आणि बहुतेक वाहक जोडप्यांनी लग्न केलंच. फरक पडला तो पुढच्या सोयीने. गर्भारपणात वेळेत तपासणी, हाताशी दवाखाना, आणि निर्णय त्या जोडप्याचा. आपण त्यातला दाखला तेवढा उचलला.

शहरातल्या वाचकांना वाटत असेल हा तर आदिवासींचा विषय. मग जळगावच्या वधू-वर परिचय मेळाव्याची पुस्तिका उघडून बघा. उंची, शिक्षण, पॅकेज, मंगळ आहे का नाही, आणि हमखास एक रकाना रक्तगट. बी पॉझिटिव्ह, ओ पॉझिटिव्ह, सगळे भरतात. त्या रकान्याचा या आजारांशी काडीचा संबंध नाही! रक्तगटावरून ना थॅलेसेमिया कळतो ना सिकलसेल. थॅलेसेमिया मायनर, म्हणजे थॅलेसेमियाचा वाहक, सिंधी, लोहाणा समाजात जास्त सापडतो हे तर डॉक्टर मंडळी वर्षानुवर्षं सांगतायत, जळगावात सिंधी कॉलनी आहेच, पण इतर समाजातही आहे, आणि मायनरवाल्या बाईला नुसती हिमोग्लोबिन कमी म्हणून लोहाच्या गोळ्यांवर गोळ्या देत राहतात. सिकलसेलही आदिवासींपुरता नाही, विदर्भात तर बौद्ध आणि ओबीसी समाजातही भरपूर आहे. आणि एका बाजूने सिकलचा गुण आणि दुसऱ्या बाजूने थॅलेसेमियाचा असा आला तरी मूल आजारी होऊ शकतं, तिथे तर दोन्हीकडे सिकलसेल निगेटिव्ह का पॉझिटिव्ह एवढंच बघून भागत नाही. पण शहादा-तळोद्यातल्या कुठल्या भिंतीवर हे लिहिलेलं मी बघितलं नाही.

हा गुण आपल्या लोकांत टिकला कसा, तेही भिंतीवर लिहायला पाहिजे खरं तर. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत सहाव्या जागी एक अमिनो आम्ल बदललंय, बस एवढंच. ज्याच्याकडे हा बदल एकाच पालकाकडून आलाय त्याला फाल्सिपेरम मलेरिया जिवावर बेतेल इतका होण्याची शक्यता बरीच कमी असते. म्हणजे सातपुड्याच्या हिवतापात ज्यांची लेकरं वाचली त्यांचाच हा वारसा. अंगात कमी आहे म्हणून सोयरीक मोडणाऱ्या माणसाला हे एकदा ऐकवा.

आता कार्यक्रमाकडे येतो. 1 जुलै 2023 ला मध्य प्रदेशात शहडोलला राष्ट्रीय मिशन सुरू झालं, 0 ते 40 वयाच्या 7 कोटी लोकांची तपासणी, आणि 2047 पर्यंत निर्मूलन. तपासणी होतेय, खोटं बोलणार नाही, आशाताई पाड्यापाड्यावर फिरतायत, मी शिबिरांना जातो, बघतो. पण 7 कोटी हा तपासणीचा आकडा आहे. आढावा बैठकीत तोच विचारतात, किती झाले, टार्गेट किती, कार्ड वाटले का. त्यातल्या किती एसएस पेशंटला या महिन्यात गोळी मिळाली, हा प्रश्न मी तरी कधी ऐकला नाही.

आणि नुसत्या तपासणीतसुद्धा गोम आहे. शिबिरात आधी जी सोल्युबिलिटी टेस्ट करतो त्यात द्रावण गढूळ झालं की सिकल आहे एवढंच कळतं, माणूस वाहक आहे का पेशंट ते कळत नाही. त्यासाठी इलेक्ट्रोफोरेसिस नाहीतर एचपीएलसी, म्हणजे हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करून दाखवणारी टेस्ट लागते, सॅम्पल पुढे जातं, रिपोर्टला वेळ लागतो. आणि मधल्या काळात दिवाळी होऊन जाते, दिवाळी झाली की अख्खी कुटुंबं भांडी-कुंडी, कोंबड्या, लेकरं ट्रकमधे घालून गुजरातला बारडोलीच्या बाजूला ऊस तोडायला निघून जातात. रिपोर्ट येतो डिसेंबरात आणि घराला कुलूप. तिकडे कडाक्याच्या थंडीत पहाटे कोयता, फडात प्यायला पाणी कमी, आणि सिकलसेलवाल्याला ज्या दोन गोष्टी सांगतात, थंडी टाळ, पाणी भरपूर पी, त्याच दोन तिथे मिळत नाहीत. मग तिथेच दुखणं उठतं, तिथल्या डॉक्टरला काही माहिती नाही, सलाईनची बाटली लावतो, दोन इंजेक्शनं, उचल (आगाऊ घेतलेले पैसे) फिटेपर्यंत परत यायची सोय नाही.

गोळी म्हणतोय ती हायड्रॉक्सियुरिया. नवीन काही नाही. नंदुरबार जिल्हा झाला 1 जुलै 1998 ला, आणि त्याच वर्षी अमेरिकेत ही गोळी सिकलसेलसाठी मंजूर झाली, म्हणजे आपल्या जिल्ह्याच्या वयाचं औषध आहे. रोज घेतली की बाळपणीचं हिमोग्लोबिन परत वाढतं, पेशी कमी वाकतात, दुखण्याचे झटके कमी होतात, रक्ताच्या बाटल्या कमी लागतात. महागडी पण नाही. अडचण एवढीच की डॉक्टरने वजनाप्रमाणे डोस ठरवायला लागतो, अधूनमधून सीबीसी (रक्तपेशींची मोजणी) करून पांढऱ्या पेशी आणि प्लेटलेट बघायला लागतात, आणि गर्भार राहायचं असेल तर आधी सांगावं लागतं. सीबीसी! दहा मिनिटांची टेस्ट, शहाद्यात गल्लीगल्लीत होते. पण सातपुड्यात मोलगी गावाच्या पलीकडच्या पेशंटला गोळीसाठी सिव्हिलला जायला सांगतात, जायचा-यायचा एक दिवस, मजुरी बुडाली, पावसाळ्यात चांदसैली घाटात दरड आली तर तेही नाही. तिथे पोचल्यावर गोळी संपलीय, पुढच्या आठवड्यात या. असं दोनदा झालं की माणूस तिसऱ्यांदा जातच नाही, आणि रजिस्टरवर शेरा पडतो, पेशंट फॉलोअपला येत नाही. एका मेडिकलवाल्याने तर आमच्या ओळखीच्या पोराला ही कॅन्सरची गोळी आहे, कोणी दिली तुला, असं म्हणून घाबरवून सोडलं, कॅन्सरमधे वापरतात हे खरंच आहे, पण त्या पोराने त्या दिवशी पट्टीच फेकून दिली.

मला कोणी म्हणेल की तुम्ही प्रतिबंधाच्या विरोधात आहात. नाही हो. मूल आजारी जन्मू नये असं कोणाला नाही वाटणार. पण मग ते काम लग्नाच्या मांडवात नको, पहिल्या एएनसीला, म्हणजे गर्भारपणातल्या पहिल्या तपासणीला करा. बाई पहिल्यांदा उपकेंद्रात आली की त्याच दिवशी सोल्युबिलिटी, पॉझिटिव्ह आली की त्याच आठवड्यात नवऱ्यालाही बोलवा आणि लगेच दोघांची एचपीएलसी. गर्भाची तपासणी साधारण दहा-बारा आठवड्यांना होते, राज्यात मुंबईला केईएमच्या आवारातल्या एनआयआयएच या रक्ताच्या आजारांवरच्या सरकारी संस्थेत ती सोय आहे. आता धडगावची बाई नाव नोंदवते पाचव्या महिन्यात, ती मुंबईला कधी जाणार, कोणाबरोबर जाणार, कुठे राहणार? हे सॅम्पल धुळ्याला नाहीतर नंदुरबारला का घेता येऊ नये, दोन्हीकडे सरकारी मेडिकल कॉलेज आहे. आणि एवढं करून त्या जोडप्याने ठरवलं की आम्हाला मूल ठेवायचंय, तर तो त्यांचा हक्क, मग त्या मुलाची जबाबदारी सरकारने झटकायची नाही. एसएस माणूस म्हणजे टाळायला हवी होती अशी चूक, असा जो सूर त्या बॅनरमधून येतो ना, तो मला सहन होत नाही. माझ्याकडे सीबीसीला येणारा एक एसएस पोरगा आयटीआय करून वायरमन झालाय, त्याने तो बॅनर वाचला असेल तर काय वाटलं असेल त्याला.

बाळ जन्मलं की टाचेतून दोन थेंब घ्या. सोल्युबिलिटी टेस्ट सहा महिन्यांच्या आतल्या बाळाला फसवते कारण बाळपणीचं हिमोग्लोबिन जास्त असतं, म्हणून तिथे एचपीएलसीच पाहिजे. हे लवकर कळणं का महत्त्वाचं तर एसएस बाळाची पानथरी काम सोडून देते आणि मग न्यूमोकोकस सारखा जंतू एका रात्रीत बाळाला घेऊन जातो. पेनिसिलिन रोज, लस वेळेत, आणि आईला बाळाच्या पोटाला हात लावून पानथरी मोजायला शिकवायचं, एकदम वाढली आणि बाळ पांढरं पडलं की पळायचं. यातलं काहीही महाग नाही, रॉकेट सायन्स नाही. त्या माळवाल्या पोरीचं नशीब बलवत्तर म्हणून ती आठ वर्षं काढू शकली.

उलट टीव्हीवर चर्चा असते जीन थेरपीची. 2023 ला ब्रिटन आणि अमेरिकेत क्रिस्परवाली, म्हणजे जनुकातच बदल करणारी उपचारपद्धत मंजूर झाली, अमेरिकेतली किंमत 22 लाख डॉलर. दिल्लीच्या आयजीआयबी या सरकारी संशोधन संस्थेत स्वस्त देशी पर्यायावर काम चालू आहे, चांगलंच आहे, होऊ दे. पण मोलगीला 1998ची गोळी पोचत नाही तिथे याची बातमी वाचून माणसाने करायचं काय.

कायद्याचं पण असंच. 2016च्या दिव्यांग कायद्यात सिकलसेल, थॅलेसेमिया, हिमोफिलिया तिन्ही आहेत, 21 प्रकारांत. कागदावर दिव्यांग. पण सरकारी नोकरीत जे 4 टक्के राखीव ठेवलंय त्यात रक्ताचे आजार नाहीत, आणि सर्टिफिकेट घ्यायला गेलं तर टक्के मोजतात. महिन्यातून एकदा आठ दिवस खाटेवर पडणाऱ्या माणसाचे टक्के कोणत्या दिवशी मोजायचे, तो बरा असतो त्या का पडलेला असतो त्या?

माझं मागणं मोठं नाहीये. कार्डावर लग्नाचा सल्ला छापायचा बंद करा, त्या जागी पुढची गोळी कोणत्या तारखेला, कोणत्या उपकेंद्रात, आणि संपली असेल तर कोणाला फोन करायचा हे छापा. तीन महिन्यांच्या गोळ्या दिवाळीच्या आधी, ट्रक निघायच्या आधी हातात द्या. बारडोलीच्या बाजूच्या दवाखान्यांना आपल्या पेशंटचे रिपोर्ट दिसतील अशी काहीतरी व्यवस्था दोन्ही राज्यांनी मिळून करा, माणसं दरवर्षी तेवढ्याच रस्त्याने जातात, तेवढ्याच रस्त्याने येतात, यात अवघड काय आहे. आणि लोक एरवी सापडत नाहीत म्हणता ना, होळीच्या आधी सगळे परत येतात, भोंगऱ्याला सगळा सातपुडा खाली उतरतो, नवे कपडे, ढोल, पावा, त्या बाजारात एक टेबल टाका. बॅनर नको, नुसतं टेबल, गोळ्या, सीबीसी आणि जुने रिपोर्ट.

माझ्या ड्रॉवरमधे आत्ता शिबिरातल्या लोकांची सात पाकिटं पडली आहेत. चार एएस, तीन एसएस, त्यातलं एक दीड वर्षाचं बाळ. फोन नंबर बंद येतोय. आशाताई म्हणाली की बाळाची आई फडावर आहे आणि मुकादमाचा नंबर मिळवते, उद्या परत विचारतो.